शेंद्र्याच्या कारखान्यातले सहा पीस

छत्रपती संभाजीनगरला लोक वेरूळ-अजिंठा बघायला जातात. मी गेले सहा पीस शोधायला. मशीननं किती माल काढला, किती वेळ बंद राहिली, हे आपोआप संगणकावर आणणारी यंत्रणा बसवणं हा माझा धंदा. शहराबाहेरच्या शेंद्रा एमआयडीसीतल्या एका कारखान्याचं काम मी पुण्यात घरी बसूनच उरकलं होतं. आता तिथल्या मॅनेजरांचा फोन आला, "मॅडम, स्क्रीनवरच्या आकड्यापेक्षा तयार मालाच्या पेटीत रोज सहा पीस कमी. पहिल्या पाळीचा माणूस चोरतोय. पुरावा काढून द्या, त्याला काढतो."

सकाळची एसटी धरली. सहा तास लागतात. उजवीकडची खिडकी घेऊ नका, ऊन थेट तोंडावर येतं. गारखेड्यात मावशीकडे उतरले. "शेंद्र्याला? तिथं काय बघायचंय बाई?" म्हणत तिनं येसराची आमटी वाढली. मी लाज सोडून तीन वाट्या प्यायले.

दुसऱ्या दिवशी भल्या पहाटे जालना रोडला शेअर रिक्षा मिळाली. सुटे पैसे ठेवा, आणि रिक्षा गच्च भरल्याशिवाय हलत नाही हे धरूनच घरातून निघा.

तो 'चोर' म्हणजे कौतिकराव, कन्नड तालुक्यातले, पन्नाशीचे. सात वाजता त्यांनी माल न लावताच मशीन चालू केली. स्क्रीनवर आकडा पडू लागला. एक, दोन... सहा.

"कौतिकराव, हे काय?"

"गरम करतोय, ताई. थंड मशीनवर पयला पीस बिघडतो. सहा फेऱ्या रिकाम्या मारायच्या, मंग माल. लई वर्षांची सवय हाय."

"मग सांगितलं का नाही कुणाला?"

"इचारलंच नाय कुणी. गेटवर डबा तेवढा रोज उघडून बघत्यात."

एक फेरी म्हणजे एक पीस, हे मीच ठरवलं होतं, मशीनवरच्या एकाही माणसाला न विचारता. सेन्सर बिघडला म्हणून सांगावं, असं क्षणभर मनात आलंही. पण कौतिकराव शेजारीच उभे होते. मॅनेजरांना बोलावून म्हटलं, "चोरी झालेली नाही. चूक माझी आहे."

मॅनेजर ओशाळले. कौतिकरावांनी एवढंच विचारलं, "मंग आजपासून डबा नाय ना बघणार?"

दुपारी त्याच डब्यातली अर्धी भाकरी त्यांनी मला दिली, शेंगदाण्याच्या चटणीसकट. इतकं अवघडून मी कधी जेवले नव्हते.

घरी आल्यावर नवऱ्यानं वेरूळचे फोटो मागितले. माझ्याकडे एका मशीनचा फोटो होता. तो पोटभर हसला. मग मी घरबसल्या केलेल्या बाकीच्या कारखान्यांची यादी काढली आणि फोन लावत सुटले. दुसऱ्याच फोनवर तिथले साहेब खुशीत म्हणाले, "हो, आमचाही आकडा जुळत नव्हता. पण मिटवलं आम्ही. त्या माणसाला गेल्या महिन्यातच काढून टाकलं."

मी त्या माणसाचा पत्ता मागितला.