एक जूनचे दोघे

आस्थापना विभागात बसलेल्या माणसाला किस्से गोळा करावे लागत नाहीत, फायलीच आणून देतात. विद्यापीठातली भरती, बढती आणि त्यावरून लागलेली कोर्टं, सगळं माझ्या टेबलावरून जायचं. एकाला बढती मिळाली की चौघांना आपल्यावर अन्याय झाल्याचं त्याच दुपारी आठवायचं. आता निवृत्त होऊन सांगलीत राहतो. मित्रांना हे सांगितलं की म्हणतात, "तिखटमीठ लावतोस." उलट मी थोडं काढूनच सांगतो.

*

आमचे कुलसचिव साहेब सज्जन माणूस, पण प्रत्येक फायलीवर हिरव्या शाईने एकच शेरा मारायचे, "नियम कोणता?" सेवानियमांच्या पुस्तकाला वाळवी लागली, म्हणून नवं घ्यावं अशी टिपणी मी ठेवली. फाइल परत आली. "नियम कोणता?"

मी खाली लिहिलं, "पुस्तक आल्यावर बघून सांगतो."

पुस्तक काही आलं नाही.

*

आष्ट्याचे एक सर तासिका तत्त्वावर केमिस्ट्री शिकवायचे. कायम जागेसाठी डावललं म्हणून कोर्टात गेले. वकील परवडेना, तेव्हा स्वतःच नियम वाचून स्वतःच उभे राहिले. नऊ वर्षांनी कोर्टाने सांगितलं, पुन्हा मुलाखत घ्या. मुलाखतीत तज्ज्ञांनी विचारलं, "तुमचा विषय?"

"केमिस्ट्री होता," सर म्हणाले. "आता भरतीचे नियम."

निवड झाली. अजूनही लोक त्यांच्याकडे अर्ज लिहून घ्यायला येतात. केमिस्ट्रीतलं काही विचारलं, तर मात्र जरा थांबून सांगतात.

*

परीक्षा विभागातल्या एका बाईंना हाताखालच्या क्लार्कच्या बढतीवर हरकत घ्यायची होती. बाईंना मराठी टायपिंग येत नव्हतं. सगळ्या विभागात ते येणारा एकच, तो क्लार्क. त्यानंच बसून हरकत टाइप केली, दोन चुका सुधारल्या आणि म्हणाला, "मॅडम, तिसरा मुद्दा कच्चा हाय. मी जरा पक्का करून देतो."

हरकत मान्य झाली!

*

शंकर आणि विलास हे प्रयोगशाळेतले परिचर. विट्याच्या पुढच्या एकाच गावचे आणि एकाच दिवशी नोकरीला लागलेले. सहायकाची एक जागा रिकामी झाली. परिचराला बसायला स्टूल, सहायकाला टेबल-खुर्ची. दोघांचीही तीस वर्षं स्टुलावर गेलेली, आणि त्यांच्या निवृत्तीआधी दुसरी जागा निघणार नव्हती. एकाच दिवशी लागलेल्यांत वयाने मोठा तो ज्येष्ठ, असा नियम. सेवापुस्तकं काढली. दोघांचीही जन्मतारीख एक जून. सालही तेच.

गावच्या गुरुजींनी शाळेत नाव घालताना अख्ख्या वर्गालाच एक जून देऊन टाकला होता. वर्गातली बाकीची पोरं सोनं गाळायच्या दुकानांतून देशभर पांगली. तिथे जन्मतारीख कोण विचारतो? अडकले हे दोघेच.

मग नावाच्या अक्षरक्रमाने ज्येष्ठता यादीत विलास वर लागला. शंकरने केस केली. तारखेला दोघं एकाच मोटरसायकलवर कोल्हापूरला जायचे, डबाही एकच. शंकरचे वकील वैतागले. "अहो, तो तुमचा प्रतिवादी आहे."

"व्हय की," शंकर म्हणाला. "पर गाडी त्येची हाय."

*

शेवटी कोर्टाने सांगितलं, विद्यापीठानेच दोघांना ऐकून निर्णय द्यावा. कुलसचिव साहेबांच्या केबिनमध्ये सुनावणी लागली. शंकर साक्षीला आपल्या आईला घेऊन आला. साहेबांनी तिला खुर्ची दिली आणि विचारलं, "आजी, या दोघांत थोरला कोण?"

"इलास," म्हातारी म्हणाली. "त्येच्या बारशाच्या घुगऱ्या खाल्ल्यात मी. तवा ह्यो पोटात व्हता."

शंकरचा चेहरा उतरला. "आये, तुला कशाला आणली मी हितं?"

"खरं सांगाय आणलीस न्हवं?"

विलास मान खाली घालून बसला. मला शंकरचं फार वाईट वाटलं. खरं तर तोंडी साक्षीने सेवापुस्तकातली तारीख हलत नाही. मूळ निवड यादीत शंकरचं नाव आधी होतं, त्याच्या वकिलाला तेवढं पुरलं असतं. हे साहेबांना ठाऊक होतं, मला ठाऊक होतं, आणि वकिलाने शंकरलाही सांगितलेलं होतं.

दुसऱ्या दिवशी शंकरने अर्ज आणून दिला. हरकत मागे घेतो, जागा विलासला द्यावी. खाली कारण लिहिलं होतं, "आईने सांगितले."

"शंकर, साहेब हे चालवून घेणार नाहीत," मी म्हटलं. "नियम विचारतील."

"इचारू द्या की, भाऊसाहेब," तो म्हणाला आणि प्रयोगशाळेत जाऊन स्टुलावर बसला.

मी अर्ज फायलीला लावून आत पाठवला. संध्याकाळी फाइल परत आली. हिरव्या शाईत एकच शब्द होता. "मान्य."