मशीनवाले चाचा आणि माझी तिसरी मुदत

ऐन कापूस वेचणीच्या दिवसांत मी महिला मंडळाची सभा लावली, तीही सकाळी अकराला. आर्णीत हे कळायला पंचांग लागत नाही. त्या दिवसांत अकरा वाजता घरी सापडते ती एक तर बाळंतीण, नाही तर मास्तराची बायको. मी मास्तराची बायको होते. सभेला माझ्यासकट पाच जणी आल्या. आमच्याच नियमांत लिहिलेलं होतं की अध्यक्षाला दोन-दोन वर्षांच्या दोनच मुदती. माझ्या दोन्ही संपत आल्या होत्या. पाच हात वर झाले आणि मी लाल शाईनं ती ओळ खोडून टाकली. पट्टी लावून खोडली, म्हणजे बघा किती नीटनेटकी होते मी. घरी येताना वाटलं, काय बाई हुशार आहोत आपण.

ही हुशारी ज्यांनी तोंडावर बोलून दाखवली ते आमचे मशीनवाले चाचा. एसटी स्टँडच्या रस्त्यावर त्यांचं शिलाई मशीन दुरुस्तीचं दुकान होतं. दुकान कसलं, दोन भिंतींमधली फट. आत चाचा, दारात मशीन, आणि गिऱ्हाईक बाहेर नालीवरच्या फरशीवर ठेवलेल्या एका डुगडुगत्या स्टुलावर. मशीन उघडायच्या आधी ते डोळे मिटून पायडल मारत आणि कान लावून बसत. कोणी घाई केली की म्हणत, "बोलू द्या तिले आधी. आपन लोक पह्यले पेचकस घालतो, मंग इचारतो का झालं काय." मंडळाच्या शिवणवर्गातल्या आमच्या आठही मशिनी त्यांच्याच कानाखालून गेलेल्या होत्या.

पण गावात त्यांची ख्याती वेगळीच होती. चाचांना अमेरिकेचे सगळे राष्ट्राध्यक्ष तोंडपाठ होते. शाळा चौथीपर्यंतची. रद्दीत कधी तरी एक जाडजूड उर्दू पुस्तक आलं, दोन्ही पुठ्ठे फाटलेलं, ते त्यांनी इतक्या वेळा वाचलं की पानांना मशीनच्या तेलाचा वास लागला. उरलेलं रेडिओनं पुरवलं. आमचे हे इतिहास शिकवायचे. ते एकदा चाचांची चूक काढायला म्हणून गेले, दीड तास स्टुलावर बसले आणि घरी येऊन मुकाट्यानं जेवले.

चाचा राष्ट्राध्यक्षांची नावं घेत नसत. "नाव घेऊन का करता? त्या दिवशी त्यानं काय केलं ते पाहा," म्हणायचे. त्यांच्याकडे पह्यला होता, म्हणजे अमेरिकेचा अगदी पहिला राष्ट्राध्यक्ष. लंबू होता, त्यानं गुलाम मोकळे केले. चाकाच्या खुर्चीवाला होता, तो चार वेळा निवडून आला. टेपवाला होता, त्याला स्वतःच्याच खोलीत भरून ठेवलेल्या टेपांनी खुर्चीवरून उतरवलं. "मशीन कधी देता चाचा?" विचारलं की लंबू निघायचा. "गुलाम मोकळे करायचा कागद लंबूनं पह्यलेच लिहून ठेवलता. पन लढाईत एक जीत मिळेपर्यंत काढला नाही. तुमची मशीन तयार हाय बाई, फक्त तिची वेळ यायची हाय." बाई रिकाम्या हातानं जायची, पण ज्ञान घेऊन.

एका राष्ट्राध्यक्षाच्या टेबलावर म्हणे पाटी असायची, की जबाबदारी इथे येऊन थांबते, पुढे ढकलायची नाही. चाचांनी मुलाची जुनी पाटी घेऊन खडूनं लिहिलं, 'यापुढं दुसऱ्याकडं बोट नाही', आणि भिंतीवर टांगली. त्यांच्या हातून गेलेली मशीन परत आली की ते आधी पाटीकडे बघायचे, मग मशीनकडे. लंबूची आणखी एक सवय त्यांनी उचलली होती. लंबू रागाच्या भरात एका सेनापतीला पत्र लिहून बसला आणि ते त्यानं पाठवलंच नाही. चाचाही रागाची पत्रं लिहीत. नाली तुंबली की नगरपालिकेतल्या साहेबाला, जावयाला, एकदा तर हवामानखात्याला. सगळी पत्रं स्वतःच्या जुन्या मशीनच्या डाव्या ड्रॉवरात.

मी अध्यक्ष होईपर्यंत चाचा मला बेटी म्हणत. झाले त्या दिवसापासून अध्यक्षबाई. मला तो मान वाटायचा. सांगितलं ना, हुशार होते.

तर त्या सभेनंतर दोन दिवसांनी चाचा मशिनींना तेल घालायला आले. वर्गात सगळ्या जणी होत्या. कुपीतून थेंब सोडता सोडता ते म्हणाले, "मुबारक हो अध्यक्षबाई. तिसरी पारी."

मी हसले. त्यांनी शटल काढून फुंकर मारली आणि शटललाच सांगायला लागले, "पह्यला होता ना, त्याच्या दोन मुदती झाल्या. लोक म्हनत, आनखी राहा. तो म्हने, बस. गेला आपल्या वावरात. मंग किती वर्षं साऱ्याईनं तोच दस्तूर पाळला."

"चाकाच्या खुर्चीवाला चारदा आला होता," मी म्हटलं. "तुम्हीच सांगितलंय."

"आलता ना. तिथं लढाई चालू होती. आपल्या आर्णीत कोनती लढाई चालू हाय?" त्यांनी शटल बसवलं. "आन तो गेल्यावर लोकायनं कायदाच करून टाकला, दोनच म्हनून. त्याईनं दस्तूर वहीत लिहिला, अध्यक्षबाई. तुमी वहीतला खोडला."

शेवटच्या मशीनवरची शीला खुदकन हसली. झालं. मी म्हटलं, "चाचा, तुम्ही मशिनीपुरतं पाहा. आणि उद्यापासून तेही नको."

त्यांनी झाकण लावलं, स्क्रू शेवटपर्यंत आवळला, कुपी पिशवीत टाकली. "जशी तुमची मर्जी," म्हणाले आणि गेले.

मी यवतमाळहून मेकॅनिक लावला. स्कूटरवर यायचा, आल्या आल्या पेचकस घालायचा. जून उजाडला. शाळेच्या गणवेशाचं काम पहिल्यांदाच मंडळाला मिळालं होतं, आणि ते वेळेत झालं नसतं तर पुढच्या वर्षी ठेकेदाराकडे जाणार हे उघड होतं. पेरणी व्हायची होती, बायकांच्या हाताला तेवढंच काम. शाळा उघडायला चार दिवस राहिले आणि आठातल्या सहा मशिनी दोरा तोडायला लागल्या. यवतमाळहून निरोप आला, सोमवारी बघू. अर्धवट सदऱ्यांचा ढीग मधोमध पडला होता, बाह्या नसलेला. शीला म्हणाली, "ताई, तुमी जाता का मी जाऊ?"

मी गेले. वाटेत 'चाचा, चुकलं माझं' असं दहा वेळा घोकलं. दुकानासमोर उभी राहिले, स्टुलावर बसायचा धीर झाला नाही, आणि तोंडातून निघालं, "मशिनी बिघडल्यात."

चाचांनी पाटीकडे बघितलं. मग पिशवी उचलली.

दोन दिवस ते वर्गात बसून होते. एकेक मशीन डोळे मिटून ऐकली. मला एक शब्द बोलले नाहीत, टोमणासुद्धा नाही, आणि टोमणा न मारणारे चाचा मला सहन होईनात. शीलानंच विचारलं, "चाचा, तुमाले राग नाही आला?"

"आला ना. पन टेपवाल्याच्या मागून आला तो माफीवाला पाहा. त्यानं टेपवाल्याले माफ करून टाकलं. लोक खवळले, पुढच्या निवडणुकीत पडला बिचारा. सारे इचारते, माफ काहून केलं? अरे, किती दिवस त्याच्याच टेपा ऐकत बसता? बाकीचं काम कोन करन?" आणि माझ्याकडे न बघता त्यांनी हात पुढे केला. "बारीक सुई द्या."

मी सुई दिली. हळूच विचारलं, "पत्र लिहिलं होतं का मला?"

"लिहिलं. डाव्या ड्रॉवरात हाय. लय चांगलं जमलं," ते म्हणाले. "पन पाठवाचं नाही."

सदरे वेळेत गेले. पोळ्याच्या आधी मी सभा लावली, संध्याकाळी, बायका वावरातून परतल्यावर. दार पुरेना इतक्या आल्या. खोडलेली ओळ मी निळ्या शाईनं पुन्हा लिहिली आणि राजीनामा दिला. दिल्यावर पाण्याचा पेला उचलून अगदी सावकाश प्यायले, कोणी 'ताई, राहा ना' म्हणतंय का ते ऐकायला. पेला संपला. शीला निवडून आली. तिनं मंडळ माझ्यापेक्षा चांगलं चालवलं, याचं मला अजून थोडं वाईट वाटतं.

चाचा जाऊन आता सात वर्षं होतील. त्या फटीत मोबाइलची कव्हरं टांगलेली असतात. मुलगा नागपूरला असतो. त्यानं ती जुनी मशीन ड्रॉवरांसकट भंगारात दिली. मला कळलं आठ दिवसांनी. धावत गेले त्या वयात, पण हवामानखात्याचं, जावयाचं आणि माझं, सगळी पत्रं कुठल्या कुठं गेली होती. माझं चांगलं जमलं होतं म्हणे. नातू हल्ली फोनवर अमेरिकेची बातमी लावतो तेव्हा मी मनात त्या नव्या अध्यक्षाला चाचांसारखं एखादं नाव देऊन बघते. जमत नाही. त्यासाठी आधी कान लावून बसावं लागतं.

राजीनामा दिला त्याच्या दुसऱ्या दिवशी मी दुकानात गेले होते. चाचा पट्टा बसवत होते. मी पदर सावरून, जरा मोठ्यानंच, शेजारच्या पानवाल्यालाही ऐकू जाईल असं म्हटलं, "चाचा, खुर्ची सोडली मी. आता झाले ना तुमच्या पह्यल्यासारखी?"

त्यांनी पट्टा ओढून पाहिला, चाक एकदा फिरवलं आणि फडक्यानं ते स्टूल पुसलं.

"त्याले सारा मुलुख राहा म्हनत होता, बेटी. तुले कोन म्हनलं? बस. या स्टुलाले मुदत नाही."