व्हर्लिन टकेटच्या कमरेचा प्रश्न

व्हर्लिन टकेटचा धंदा वाळवी मारण्याचा. अमेरिकेतल्या अरकॅन्सॉ राज्याच्या डोंगराळ भागातल्या कॉटर्स बेंड गावात लाकडी घरं पुष्कळ, म्हणून वाळवीही पुष्कळ, आणि त्यामुळे व्हर्लिनला कधी रिकामं बसावं लागलं नाही. लोकांच्या घरांखाली सरपटत जायचं, जमिनीच्या तुळयांवर पेचकसानं टकटक करायची, बाहेर येऊन कपडे झटकायचे आणि मालकाला वाईट बातमी चांगल्या शब्दांत सांगायची, हे त्याचं काम. साठी ओलांडली तरी तो हे सगळं करायचा. पोट सुटलं होतं, पण ते घेऊन तो कुठल्याही फटीतून आत जायचा. कसा जायचा हे त्याच्या बायकोला, नोरीनला, लग्नाला एवढी वर्षं होऊनही कळलं नव्हतं.

रविवारी तो चर्चच्या दारात उभा राहायचा. त्याचं तिथलं काम म्हणजे आलेल्या माणसाला मिठी मारणं. काही माणसं मिठी मारताना लाकडासारखी ताठतात, काही दुसऱ्याची हाडं मोजतात. व्हर्लिन मिठी मारायचा ती जाड रजई अंगावर घेतल्यासारखी. म्हाताऱ्या बायका बाजूचं दार मोकळं असूनही मुद्दाम त्याच्या दारानं यायच्या.

त्या वसंतात पास्टर ब्रदर कीथ कुठल्याशा सभेला जाऊन आले आणि येताना एक नवी काळजी घेऊन आले. देशात कुठं कुठं चर्चमध्ये गोळीबार होतायत ते सगळेच टीव्हीवर बघत होते. चर्चच्या रक्षणासाठी चार जणांचं पथक करायचं ठरलं. पथक गुप्त ठेवायचं, कारण प्रार्थनेला आलेल्या माणसाला शेजारच्याच्या कोटाखाली काय आहे ते कळलं की त्याचं प्रार्थनेत लक्ष राहत नाही.

"दारात तूच असतोस व्हर्लिन. आत येणारा प्रत्येक माणूस तुझ्या हाताखालून जातो," ब्रदर कीथ म्हणाले. "तू नाही तर कोण?"

व्हर्लिनला नाही म्हणता येत नसे. त्यानं पिस्तूल चालवण्याचा वर्ग केला, परवाना काढला आणि तळहाताएवढं, छोटेखानी पिस्तूल घेतलं. शिकवणाऱ्यानं सांगितलं होतं, फक्त रविवारी लावून उपयोग नाही, रोज लावा, अंगवळणी पडलं पाहिजे. पिस्तुलाचं काम तिथं संपलं. पिस्तूल ठेवायचं कशात, हा प्रश्न मात्र तिथून सुरू झाला.

पहिलं होल्स्टर, म्हणजे पिस्तुलाचं म्यान, दुकानदारानं पिस्तुलाबरोबर असंच दिलं. मऊ कापडाची पिशवी होती ती. पिस्तूल बाहेर काढलं की तिचं तोंड मिटायचं, मग परत घालायला दोन्ही हात लागायचे. घरी रिकाम्या पिस्तुलावर सराव करताना एकदा पिस्तुलाबरोबर पिशवीही बाहेर आली आणि व्हर्लिन भिंतीवरच्या कॅलेंडरसमोर पिशवी रोखून उभा राहिला.

"शरण आलं का कॅलेंडर?" नोरीननं विचारलं. ती वाटाणे सोलत होती.

दुसरं कडक प्लास्टिकचं, पँटच्या आत, पुढच्या बाजूला लावायचं. दुकानातला पोरगा म्हणाला होता की आता सगळे पुढंच लावतात. पोरगा झाडूच्या दांड्यासारखा होता. व्हर्लिन उभा असताना ते होल्स्टर ठीक असायचं. तो बसला की पोट वरून खाली यायचं, पिस्तुलाची मूठ बरगडीत शिरायची आणि नळीकडचं टोक नको तिथं टोचायचं. रविवारी ब्रदर कीथ म्हणाले, माना झुकवा. व्हर्लिननं झुकवली आणि 'आह' केलं. ते ऐकून पुढच्या बाकावरचे दोघे भक्तिभावानं 'आमेन' म्हणाले.

तिसरं घोट्याला बांधायचं. ते दिसत नसे, टोचत नसे, फक्त चालू देत नसे. एक पाय दुसऱ्यापेक्षा जड झाला की माणूस लंगडतो. पहिल्याच रविवारी मिस ओपल ग्रिशमनं ते पाहिलं. मिस ओपल (मिस हे मानानं म्हणायचं) ऐंशीच्या पुढची, गावच्या एका जुन्या डेप्युटीची, म्हणजे पोलिसाची, विधवा, आणि चर्चमधल्या बातम्यांचं मुख्य ठाणं.

"गुडघा का रे, पोरा?"

पथक गुप्त. व्हर्लिन काय सांगणार?

"गुडघाच," तो म्हणाला.

बुधवारच्या प्रार्थनासभेत व्हर्लिनच्या गुडघ्याचं नाव वाचलं गेलं, एका बाळंतिणीच्या आणि एका हृदयाच्या ऑपरेशनच्या मधोमध. गुरुवारी मिस ओपल भट्टीत भाजलेला बटाट्याचा कॅसरोल घेऊन दारात. शुक्रवारी आणखी कुणी पीचची गोड पाई घेऊन. नोरीन ताटं घेत होती, आभार मानत होती, आणि दार बंद झालं की नवऱ्याकडे बघत होती.

"लोक तुझ्या निरोगी गुडघ्यासाठी देवाला साकडं घालतायत," ती म्हणाली. "देवाला काय वाटत असेल?"

"देवाला माहीत आहे पथकाचं."

"मग त्यालाच विचार, कुठं बांधू म्हणून."

त्यानं घोट्याचं सोडलं आणि गुडघा बरा झाला. बुधवारी त्याबद्दल आभारही मानले गेले. मग पोटाला गुंडाळायचा रबरी पट्टा आला. जुलैत त्याच्याखाली घामोळं उठलं. मग खांद्यावरून अडकवायचं आलं, पण त्यावर कोट हवा आणि जुलैत कोट घालणारा माणूस कॉटर्स बेंडमध्ये एकतर वकील असतो नाहीतर आजारी. कपाटातला एक खण होल्स्टरांनी भरला.

या सगळ्यात मिठ्या बिघडल्या. कुणी दोन्ही हात पसरून आलं की व्हर्लिन अंग चोरायचा, एक खांदा पुढं करायचा, पाठीवर थाप मारून माणूस आत ढकलायचा. बायकांना वाटलं, याचं काहीतरी बिनसलंय. एकीनं नोरीनला हळूच विचारलं, घरात सगळं ठीक आहे ना? नोरीन म्हणाली, घरात ठीकच आहे, कमरेत गडबड आहे. त्यातून बाईनं काय अर्थ काढला ते देव जाणे, पण त्या रात्रीपासून तिचा नवरा व्हर्लिनशी फार सहानुभूतीनं बोलू लागला.

ऑगस्टमध्ये मिस ओपलनं त्याला न विचारता मिठी मारली. तिचा हात त्याच्या कमरेवर जिथं पडायचा तिथंच पडला. तिनं हात काढला नाही. वर बघून ती हळू आवाजात म्हणाली, "हा पट्टा कुठला?"

"कुठला म्हणजे... नोरीननं आणला. वाढदिवसाला."

"चिंधी आहे ती. माझ्या हॅरलननं जन्मभर कमरेला ओझं वागवलं. पट्टा लेचापेचा असला की ओझं लोंबतं. लोंबलं की टोचतं, आणि टोचलं की तू असा वाकडा उभा राहतोस, परसाकडला आल्यासारखा."

"मिस ओपल, हे कुणाला—"

"मी काही बोलले का? दुपदरी कातड्याचा घे, रुंद. पँट एक माप मोठी घे, आत वस्तू जायचीय तर जागा नको? आणि होल्स्टर रुंद पाठीचं, कातड्याचं, बाहेरून कडक, घोडा पूर्ण झाकेल असं. उजव्या कुल्ल्याच्या जरा मागं लाव, मूठ थोडी पुढं झुकलेली." मग ती आत जायला निघाली आणि वळली. "गुडघ्याचं मी देवाला कळवते. त्यानं उगाच मेहनत घेतली."

त्यानं सगळं तिच्या सांगण्याप्रमाणे घेतलं. पहिला आठवडा कातडं करकरत होतं. मग ते त्याच्या अंगाच्या उबेनं वळलं आणि कमरेच्या वळणात बसलं. तो खुर्चीत बसला, टोचलं नाही. पिकअप ट्रक चालवला, टोचलं नाही. डाव्या बाजूनं मिठी मारायला शिकला, आणि म्हाताऱ्या बायका पुन्हा त्याच्या दारानं येऊ लागल्या. घराखाली शिरताना तेवढं तो पिस्तूल ट्रकमधल्या कुलुपाच्या पेटीत ठेवायचा, वर आला की परत लावायचा. हिवाळा लागेपर्यंत ते पँट-शर्टासारखं झालं. सकाळी चढायचं, झोपताना उतरायचं, मधे त्याची आठवणही नसायची. नोरीनला तो म्हणालासुद्धा, "आता कसं, असल्यासारखं वाटतच नाही."

नातीच्या शाळेत नाताळच्या आधी गाण्यांचा कार्यक्रम होता. एमरी चौथीत. तिला एक कडवं एकटीनं म्हणायचं होतं आणि महिनाभर तिनं घरात दुसरं काही म्हटलं नव्हतं. व्हर्लिन शेवटच्या घराखालून बाहेर आला, घरी धावत जाऊन अंघोळ केली, कपडे चढवले, वर चांगला कोट घातला. तो आणि नोरीन शाळेच्या सभागृहात तिसऱ्या रांगेत, मधोमध बसले. लोखंडी घडीच्या खुर्च्या होत्या. त्याच्यासारख्या देहाच्या माणसाचे त्यात हाल होतात, पण तो आरामात बसला होता.

गाणी सुरू झाली. पोरांची रांग दुभंगली आणि एमरी पुढं आली, चंदेरी कागदाची चांदणी डोक्याला लावून. व्हर्लिनला नाक शिंकरावंसं वाटलं. रुमाल मागच्या खिशात. हात मागं गेला आणि मनगट कशावर तरी आपटलं.

तो तसाच थांबला.

"काय झालं?" नोरीन कुजबुजली.

"आहे."

"काय आहे?"

"ते. कमरेला."

शाळेच्या दारावर आडवी रेघ मारलेल्या पिस्तुलाचं चित्र होतं. गेली कित्येक वर्षं तो त्या चित्राशेजारून आत येत होता. नोरीननं स्टेजकडे पाहिलं, मग त्याच्याकडे.

"ऊठ."

"ती पुढं आलीय, नोरीन."

"व्हर्लिन, ऊठ."

तो उठला. सभागृहात टाचणी पडली तरी ऐकू येईल इतकी शांतता, पियानोचा पहिला सूर वाजलेला, आणि एवढा मोठा माणूस लोकांच्या गुडघ्यांवरून "माफ करा, माफ करा" करत चाललेला. रांगेच्या टोकाला त्यानं मागं वळून पाहिलं. एमरी त्याच्याकडेच बघत होती. तिनं तोंड उघडलं होतं, पण आवाज अजून आला नव्हता.

बाहेर ट्रकमध्ये त्यानं पिस्तूल पेटीत ठेवलं. पेटीला कुलूप लावलं. परत येऊन सभागृहाच्या दाराला हात लावला तेव्हा आत टाळ्या चालल्या होत्या.

घरी जाताना एमरी ट्रकच्या मागच्या सीटवर चांदणी मांडीवर घेऊन बसली.

"पापॉ, मी वाईट गायले का?" आजोबाला ती पापॉच म्हणायची.

"नाही गं. मी ऐकलंच नाही."

"मग गेलास का?"

नोरीन काचेतून बाहेर बघत होती. व्हर्लिनला घामोळं, पट्टा, पथक यातलं काही सांगता येईना, म्हणून त्यानं सरळ सांगितलं. "माझ्या कमरेला पिस्तूल होतं. शाळेत आणायचं नसतं. मी विसरलो."

एमरीनं विचार केला. "एका मुलानं चाकू आणला होता दप्तरात. तोही विसरला होता. मिसेस हॅव्हर्टी म्हणाल्या, चुकून आणलं तरी येऊन सांगायचं."

"सांगितलं त्यानं?"

"हो. रडला पण सांगितलं."

दुसऱ्या दिवशी व्हर्लिन मुख्याध्यापिकेच्या खोलीबाहेर मुलांच्या छोट्या बाकावर गुडघे छातीशी घेऊन बसला. आत बोलावल्यावर त्यानं सांगितलं. मिसेस हॅव्हर्टींच्या घरची वाळवी त्यानंच मारली होती. त्यांनी हातातलं पेन खाली ठेवलं.

"मिस्टर टकेट, तुम्ही आला नसता तर हे कुणाला कळलं नसतं."

"हो मॅडम."

"आता मला कळलंय. म्हणजे मला फोन करावा लागणार."

"म्हणूनच आलो, मॅडम. मी बसतो."

तरुण डेप्युटी आला, त्यानं सगळं विचारलं, आणि परवाना तूर्त आमच्याकडे द्या म्हणाला. शाळेनं उन्हाळ्याच्या सुट्टीपर्यंत, शाळेचं वर्ष संपेपर्यंत, त्याला आवारात यायला बंदी केली. संध्याकाळपर्यंत गावभर झालं. चर्चच्या पथकातला एक माणूस कमी झाला आणि जे काही गुप्त उरलं होतं तेही गेलं. ब्रदर कीथना वाईट वाटलं. ते म्हणाले, असं कुणाच्याही हातून होऊ शकतं. व्हर्लिन म्हणाला, "त्याचीच तर भीती वाटते, ब्रदर कीथ."

मिस ओपल रविवारी दारात थांबली. "सल्ला माझाच होता," ती म्हणाली. "हॅरलनला ते कधी आरामाचं वाटलं नाही. रोज रात्री काढताना शिव्या द्यायचा. मी तुला तेवढं सांगायला हवं होतं."

"तुमचा काय दोष, मिस ओपल?"

"दोष नाहीच माझा. मी फक्त म्हणतेय." आणि तिनं त्याला मिठी मारली, या वेळी दोन्ही हातांनी, चांगली घट्ट.

वसंतात त्याचा परवाना परत आला. ब्रदर कीथनी पथकाचं पुन्हा विचारलं. व्हर्लिन म्हणाला, दारात मी उभा राहीनच, बाकीच्यासाठी दुसरा कुणी बघा. त्याला 'नाही' म्हणता आलं याचं सगळ्यात जास्त नवल नोरीनला वाटलं. पिस्तूल आता घरच्या तिजोरीत आहे.

मे महिन्यात शाळेत पुन्हा गाणी होती. एमरीला बेडकांचं गाणं मिळालं होतं. तिच्या आईच्या कामाच्या पाळ्या बदलल्या होत्या, म्हणून तिचा सराव व्हर्लिननं घेतला होता, रोज, ट्रकमध्ये, शाळेच्या फाटकाबाहेर उतरवेपर्यंत. कार्यक्रमाच्या संध्याकाळी त्यानं ट्रक शाळेसमोरच्या रस्त्याच्या पलीकडे, चाऱ्याच्या दुकानासमोर लावला. नोरीन शाळेच्या सभागृहात बसली होती, त्याला लावलेला फोन मांडीवर चालू ठेवून.

त्याच्या फोनमधून आधी खुर्च्यांची खरखर आली, मग कुणाचं तरी खोकणं, मग एमरी. आवाज पातळ होता पण सुरात होता. दुसऱ्या कडव्याच्या तोंडाशी ती अडली. पियानो तिच्यासाठी थांबला.

"चिखलातनं उडी मारून," व्हर्लिन रिकाम्या ट्रकमध्ये मोठ्यानं म्हणाला. "चिखलातनं, एमरी."

चाऱ्याच्या दुकानातून पोतं खांद्यावर घेऊन निघालेला माणूस थांबून त्याच्याकडे बघत राहिला. आत कुणीतरी तिला ओळ सांगितली असावी, किंवा तिची तिलाच आठवली. ती पुढं गाऊ लागली. व्हर्लिननं काच वर केली आणि बाकीचं सगळं नीट ऐकलं.