डब्याला सावलीची सीट

आमच्या पाड्याच्या सिस्टरांनी सबंध नोकरीत कोणाचं ऐकलं असेल, तर ते फक्त पोटातल्या बाळाच्या ठोक्यांचं. बाकी सगळ्यांना, म्हणजे सरपंचांना, साहेबांना, नवऱ्याला आणि स्वतःच्या गुडघ्यांना त्यांचं एकच उत्तर असे, "बघू नंतर." मी त्या पाड्यावरच्या शाळेत मास्तर. वैशाखऱ्याला एसटीतून उतरलं की पुढे दीड तासाचा डोंगर. गाडीरस्ता तेव्हा नव्हता, आजही नाही. सिस्टरांच्या आधी त्या वाटेनं एकही नर्स वर आलेली नव्हती. पहिल्या खेपेला पाड्यातल्या म्हाताऱ्या सुईणीनं त्यांना दारातच अडवलं, तर या बाई तिच्याच ओट्यावर बसून तिची भाकरी खाऊन आल्या.

दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी त्या मुरबाडहून लशीचा निळा डबा घेऊन निघत. आत बर्फ, बर्फात लशी, आणि डबा जमिनीला टेकवायचा नाही हा त्यांचा घरचा कायदा. एसटीत एकच जागा असली तर सावलीच्या बाजूला डबा बसे आणि सिस्टर उभ्या. एकदा कंडक्टरनं चेष्टेनं डब्याचं हाफ तिकीट मागितलं. "फाड ना," सिस्टर म्हणाल्या, "पण मग त्याला उठवायचं नाय." पुढे तोच कंडक्टर डब्यासाठी जागा धरून ठेवू लागला.

दुसरा कायदा असा, की सुई बाळाला आणि मांडी बापाची. "पोर दोघांचं, मग रडणं एकटीनंच का झेलायचं?" परिणामी मंगळवार उजाडला की पाड्यातल्या निम्म्या बापांना रानातला मध आठवे. सिस्टर अंगणात बसून राहत, बाप परतेपर्यंत. एक चांगला धिप्पाड लाकूडतोड्या सुई बघूनच आडवा झाला, तेव्हा त्यांनी बाळाला टोचून त्याच्याच छातीवर ठेवलं आणि "उठला की सांगा, पोर बरं हाय" म्हणून पुढच्याला हाक मारली.

मग तालुक्याला नवे साहेब आले. लसीकरण यापुढे खाली, रस्त्यालगत. आयांनी पोरं घेऊन उतरावं, असं सांगायला ते धापा टाकत वर आले. सिस्टरांनी बांबूला गोधडी बांधून झोळी करवली. आमच्याकडे अडलेली बाई अशीच खाली जाते. "झोपा साहेब." साहेब हसले. सिस्टर हसल्या नाहीत. साहेब झोपले. पहिल्या उतारावरच त्यांनी तीनदा "थांबवा" म्हटलं. शेजारून चालत सिस्टर म्हणाल्या, "कळा येणाऱ्या बाईला असं म्हणायची सोय नाय, साहेब." खाली पोचल्यावर साहेबांनी कपडे झटकले. "ठीक आहे. तुम्ही वर पोहोचताय तोवर लसीकरण वर. एक महिना चुकलात, की कायमचं खाली."

त्यानंतर ताप आला, ओढा भरला, मुलीचं लग्न झालं. मंगळवार चुकला नाही.

गेल्या वर्षी, निवृत्तीला चार महिने उरले असताना, पाड्याखालच्या शेवटच्या चढावर त्यांचा पाय घसरला. घोटा टम्म सुजला, डबा तेवढा हातात उंच धरलेला. मी सोबत होतो. माझ्या हाका ऐकून पाड्यावरची माणसं झोळी घेऊन धावली, मागून काठी टेकत सुईण. "बाय, आज माजं ऐक. नीज गो झोळीत." आजवर कितीजणींना त्या झोळीत घातलं होतं सिस्टरांनी, स्वतः कधी बसल्या नव्हत्या. गुपचूप निजल्या, डबा पोटावर घेतला. आम्ही सवयीनं खाली वळलो.

"खाली कुठं? मंगळवार हाय. वर न्या!"

मागचा खांदा माझा होता. तो बांबू माणूस घेऊन वर चढताना मी पहिल्यांदाच पाहिला. अंगणात सगळे बाप पोरं मांडीवर घेऊन बसले होते. मधाला एकही गेला नव्हता. सिस्टरांनी पदरानं डोळे पुसले आणि लगेच डाफरल्या, "बघता काय? डबा धरा आधी!"

आता त्या मुरबाडला घरीच असतात. नवी मुलगी येते, आणि वरच येते. पहिल्या मंगळवारी दुपारी माझा फोन वाजतो. "गुरुजी, पोहोचली का ती?" मी पोहोचली म्हणतो. मग पुढचा प्रश्न, "आणि डबा? खाली टेकवला नाय ना तिनं?"