शेवटचा ढिवर

सायकलींच्या घंट्या एकदम वाजल्या की मला बाप आठवतो. तलावाच्या पाळीवर आम्ही फाटलेलं जाळं सांधत होतो. बाप उघड्या अंगानं बसलेला, हाताला मासळीचा वास. जुन्या कोटाचा जटपुरा गेट दाखवून एक गाईड सायकलवरून शहर बघणारे पाहुणे घेऊन आला आणि बापाकडे बोट करून म्हणाला, "हा शहरातला शेवटचा ढिवर." बाप म्हणाला, "काऊन भाऊ, माहा पोरगा इथीच बसून राह्यला ना?" गाईड हसला. "हा पॅन्ट-शर्टवाला फोटोत नको," म्हणत त्यानं मला बाजूला सारलं. पुढं काही वर्षांनी बाप वारला. काल त्याच पाळीवर जाळं सांधताना पुन्हा घंट्या वाजल्या, तोच गाईड उतरला. "शर्ट काढ ना भाऊ," म्हणाला. मी काढला. मग त्यानं माझ्याकडे बोट केलं, "हा शेवटचा."