पुरेकाकांचा कानोसा

माझ्या काकांना सगळं शहर पुरेकाका म्हणायचं. निरोपघरात त्यांची नोकरी होती आणि नोकरी कसली, तर लोकांना बोलता बोलता मध्येच तोडायची. हे काम त्यांच्याइतकं मन लावून करणारा माणूस मी पाहिलेला नाही.

ज्यांनी कानोसा पाळलेला नाही त्यांच्यासाठी सांगतो. भोपळ्याएवढं मऊ, करडं जनावर. कान कोबीच्या पानांएवढे, डोळे नावापुरते. जन्मतात ते जुळेच. एक इथे ठेवायचं, दुसरं परगावी. इथल्याच्या कानात बोललं की तिथलं तोंड उघडून तेच बोलतं, आपल्याच आवाजात, आपल्या खोकल्यासकट. फार बोललं की जनावर थकतं, हे खरं. पण फार म्हणजे किती, हे काका ठरवत आणि त्यांच्या हिशेबी माणसाने तोंड उघडलं की फार व्हायला सुरुवात होई.

निरोपघरात भिंतीला फळ्या, फळ्यांवर गाद्या आणि गाद्यांवर कानोसे. समोरच्या स्टुलावर माणसं येऊन बसत. काकांचा एक हात जनावराच्या पाठीवर असे. धाप जरा वाढली की ते म्हणत, "पुरे." एकदा एक बाई परगावच्या बहिणीला वडील गेल्याचं सांगत होती. "शेवटी बाबांनी पाणी मागितलं," इथवर आली आणि काकांनी जनावराचा कान मिटला. "बाई, वडील गेले, लवकर ये. एवढ्यात भागतं," असं वर समजावूनही सांगितलं. घरी येऊन काकांनी हा किस्सा जेवताना रंगवून सांगितला. मी अर्ध्या जेवणावरून उठलो.

कानोशाला एक खोड असते. तेच तेच बोलणं कानावर पडत राहिलं की तो पाठांतराला लागतो. मग जुळ्यापर्यंत काही पोचवायची तसदीच घेत नाही. पुढचं वाक्य त्याला ठाऊक असतं, तो पलीकडच्या माणसाच्या आवाजात स्वतःच उत्तर देऊन मोकळा होतो. म्हणून निरोपघर उघडलं की काका प्रत्येक कानोशाला एक वाकडा प्रश्न विचारत, "तुमच्या खिडकीतून काय दिसतंय?" पलीकडचा कारकून वैतागून "तुमचं डोकं" म्हणाला की जनावर ठीक. "सगळं मजेत" असं उत्तर आलं की त्याची रवानगी कुरणात. ही युक्ती काकांचीच. तिच्याबद्दल त्यांना शाल मिळाली होती आणि ती शाल ते उकाड्यातही पांघरत.

घरी त्यांचा स्वतःचा कानोसा होता. ताईचं, म्हणजे त्यांच्या एकुलत्या एका मुलीचं, लग्न लांबच्या शहरात झालं तेव्हा त्यांनी जोडीतला एक तिच्यासोबत दिला. दर सुट्टीच्या दिवशी संध्याकाळी आम्ही सगळ्यांनी हजर राहायचं. काका घसा साफ करून विचारत, "कशी आहेस?" "मजेत आहे, बाबा." "घरचे?" "सगळे बरे आहेत." "वा, छान. सगळ्यांना नमस्कार सांग. पुरे आता." काकूच्या वाट्याला एकच प्रश्न असे, "जेवलीस का?" त्याचंही उत्तर ठरलेलं.

एकदा मात्र ताई अडखळत म्हणाली, "बाबा, मला जरा वेगळं बोलायचंय."

"पुढच्या वेळी. जनावर थकलंय," काका म्हणाले आणि त्यांनी कान मिटला.

काकूचा जीव तेव्हापासून टांगणीला लागला. पुढच्या सुट्टीला ताई पुन्हा "मजेत आहे, बाबा" म्हणाली, त्याच्या पुढच्या सुट्टीलाही. काका म्हणाले, "बघ, मिटलं ना? उगाच काळजी करतेस."

"अहो, आवाज तिचाच आहे, पण मला तो शिळा वाटतोय," काकू म्हणाली. "एकदा तो खिडकीचा प्रश्न विचारा ना."

"घरच्या जनावरावर संशय? अख्ख्या निरोपघराला मी शिकवलं, आता तू मला शिकव." काकांनी शाल सारखी केली. काकूचं जेवणावरून मन उडालं ते उडालंच. मी एकदा गुपचूप विचारून बघायला गेलो, तर काकांनी कानोशाच्या कपाटाला कुलूप घातलेलं. मला त्या माणसाचा भयंकर राग येई.

उन्हाळा सरत आला होता. सुट्टीची संध्याकाळ, काका घसा साफ करून बसलेले, काकू शेजारी, मी दाराशी. कडी वाजली. मी दार उघडलं तर ताई उभी, हातात ट्रंक, गालफडं बसलेली. काकांनी वर न बघता बोट उंचावलं. "कोण आहे ते थांबा जरा. मी मुलीशी बोलतोय." मग त्यांनी कानोशाला विचारलं, "कशी आहेस?"

"मजेत आहे, बाबा," कानोसा ताईच्या आवाजात म्हणाला.

ताई उंबऱ्यात उभी राहून स्वतःला ऐकत होती. काकू केव्हाच उठून तिच्यापाशी पोचली होती. काकांनी "पुरे आता" म्हणून कान मिटला आणि मान वर केली.

"तू... मग हे कोण?"

"मी ते घर केव्हाच सोडलंय," ताई म्हणाली. "मैत्रिणीकडे राहत होते. निघायच्या आधी तुम्हाला सगळं सांगितलं होतं, बाबा. तो हात उचलतो तेसुद्धा सांगितलं. विचारलं, घरी येऊ का? तुम्ही म्हणालात, वा, छान, सगळ्यांना नमस्कार सांग. म्हणून इतके दिवस आले नाही."

काकांची शाल खांद्यावरून घसरली, ती त्यांनी उचलली नाही.

"अगं, ते मी नव्हतो," ते म्हणाले. "तिकडचं जनावरही पाठांतराला लागलं असणार. देवाशपथ, मी नव्हतो."

काकूने ट्रंक आत घेतली.

"मला ओळखू आलं नाही, बाबा," ताई म्हणाली.