आजपुरतं म्हणतो हं

पाण्याची बाटली खिडकीच्या उजेडात धरून अप्पा आधी एक डोळा मिटायचे, मग दुसरा. आणि म्हणायचे, "ठीक दिसतंय. आजपुरतं म्हणतो हं."

धारवाडला पाणी तपासायच्या प्रयोगशाळेत ते नोकरीला होते. मळमड्डीच्या आमच्या गल्लीत त्यांच्या या वाक्याची सगळे नक्कल करत. आमटी कशी झालीय असं त्यांच्या बायकोनं, म्हणजे अक्कांनी विचारलं, तरी उत्तर तेच. "मग उद्याची तुम्हीच करा," अक्का म्हणायच्या. असा एखादा शेजारी तुम्हालाही भेटला असेल.

मी तेव्हा हुबळीच्या एका मराठी साप्ताहिकात होतो आणि आपल्या लेखणीला धार आहे, अशा तोऱ्यात होतो. एका उन्हाळ्यात अप्पांनी गल्लीतल्या विहिरीवर लेख दिला. त्याचा शेवट मला फार मिळमिळीत वाटला. मी तो खोडून लिहिलं, "विज्ञानाचा कौल: हे पाणी म्हणजे अमृत!" खाली नाव अप्पांचं.

अंक घेऊन ते दारात आले. "तम्मा, हे मी लिहिलं नाही. दुरुस्ती टाक."

"टाकतो," म्हणालो. टाकली नाही. लोक माझ्या वाक्यावर खूश होते. कुणी तर कात्रण विहिरीच्या खांबाला चिकटवलं होतं.

अप्पा घरोघर फिरले. "पाणी उकळा हो."

"छापलंय की! आता का मागं सरता?" लोक हसले. आजपुरतं म्हणणाऱ्या माणसाचं कोण ऐकणार?

पावसात गटार तुंबलं, पाणी विहिरीत उतरलं. तीन घरांत टायफॉइड झाला. माणसं वाचली, पण एका मुलीचं ऐकू येणं कायमचं गेलं. तिचे वडील अप्पांच्या ओसरीवर येऊन ओरडले, "छापताना अमृत, तोंडानं उकळा! आम्ही खरं कुठलं धरायचं?"

मी तिथेच उभा होतो. अप्पांनी एकदा माझ्याकडे पाहिलं. मी खाली, चपलेकडे बघत राहिलो.

"नाव माझं आहे," ते म्हणाले. "चूक माझीच."

त्यानंतर गल्लीतून त्यांच्याकडे कुणी बाटली आणली नाही. मला ते तम्माच, म्हणजे कानडीत धाकटा भाऊच, म्हणत राहिले, आणि त्याची मला जास्त लाज वाटे.

ते गेल्यावर अक्कांनी एक पिवळा कागद माझ्या हातात दिला. "तुला द्यायचा म्हणून सांगून गेलेत, बघ." त्या लेखाची कार्बन प्रत होती. निर्दोष असल्याचा पुरावा इतकी वर्षं त्यांच्या घरातच होता आणि त्यांनी तो कुणाला दाखवला नव्हता. मीही नाही दाखवला.

मी खोडलेला शेवट आज त्यांच्या नावानं देतो. दुरुस्तीला फार उशीर झाला आहे.

"आजच्या नमुन्यात जंतू आढळले नाहीत. पावसाळ्यात पुन्हा तपासावे. तोवर पाणी उकळूनच प्यावे."